येथे सही करा

लेकीच्या लग्नाच्या नोंदणीसाठी तिचा जन्मदाखला हवा होता, म्हणून गेल्या रविवारी कपाटाखालची पत्र्याची पेटी ओढून काढली. दाखला पहिल्या पाच मिनिटांत सापडला, तरी दुपार उलटून जाईपर्यंत मी त्या पेटीपाशीच बसून राहिले. आमच्या घरातील चार पिढ्यांच्या बायकांचे कागद त्या पेटीत आहेत. ते कोणी हौसेने जपले असे नाही. कोणत्या तरी कामासाठी झेरॉक्स काढली, एक प्रत उरली आणि ‘असू दे, लागेल कधीतरी’ म्हणून पेटीत पडली, असेच त्यांचे झाले. त्या कागदांवर माझ्या आजीचा अंगठा आहे, आईची देवनागरी सही आहे आणि माझ्या दोन वेगवेगळ्या नावांच्या सह्या आहेत. बहुतेक सह्यांच्या शेजारी पेन्सिलीची एक बारीक फुली दिसते. सही नेमकी कुठे करायची हे दाखवण्यासाठी ती मारलेली असते. फुली मारणाऱ्याने कागद वाचलेला असतो आणि सही करणारीने बहुधा वाचलेला नसतो, ही गोष्ट बावन्नाव्या वर्षी, त्या पेटीपुढे मांडी घालून बसले असताना, माझ्या ध्यानात आली.

आजीचा अंगठा आहे तो मुंडकाराच्या घराच्या कागदावर. भाटकाराच्या, म्हणजे जमीनमालकाच्या, जागेत घर करून राहतो तो मुंडकार. आमचे मूळ घर फोंडा तालुक्यात, भाटकाराच्या कुळागराच्या, म्हणजे सुपारीच्या बागेच्या, कडेला होते. मुंडकारांना घरातून हुसकावून लावता येऊ नये म्हणून १९७५ साली कायदा झाला, तेव्हा गोव्याच्या मुख्यमंत्रिपदी शशिकला काकोडकर होत्या. वडिलांच्या, म्हणजे भाऊसाहेब बांदोडकरांच्या, निधनानंतर १९७३ साली त्या गोव्याच्या पहिल्या महिला मुख्यमंत्री झाल्या. आजी त्यांचा उल्लेख ‘ताई’ असा, जणू शेजारच्या वाड्यावरची कोणी असावी अशा थाटात करीत असे. मात्र ताईंच्या राजवटीत झालेल्या त्या कायद्याखाली आमच्या घराची नोंद झाली ती आजोबांच्या नावाने. ज्या घराची जमीन आजीने आयुष्यभर स्वतःच्या हाताने सारवली, त्या घराच्या कागदावर तिचा अंगठा उमटला तो आजोबा गेल्यावर. अंगठा देऊन घरी आली की ती बोटाची शाई केसांना पुसायची. पाण्याने जात नाही, तेलाने जाते, असे तिचे म्हणणे होते.

आईला सही येते, आणि त्याचे श्रेय ती सरळ मुक्तीला देते. १९६१ च्या डिसेंबरात गोवा मुक्त झाला आणि पुढच्या काही वर्षांत गावोगाव सरकारी मराठी प्राथमिक शाळा उघडल्या. आई तेव्हा दहा वर्षांची होती. सहा वर्षांच्या पोरांच्या रांगेत ती पहिलीला बसली, आणि सातवीनंतर ‘आता पुरे’ म्हणून तिला घरी बसवले. तिची सही पाहण्यासारखी असते. सही म्हणजे नाव लवकर संपवण्याची युक्ती, असे आपण समजतो; आईची सही म्हणजे शुद्धलेखन असते. आधी सगळी अक्षरे सुटी लिहायची, मग पेन उचलून डावीकडे आणायचे आणि वरून एकच लांब शिरोरेघ ओढायची. बँकेतल्या खिडकीपुढे मागची माणसे चुळबुळ करू लागली तरी ती रेघ अर्धवट राहत नाही.

माझी पहिली सही मला तारखेसह आठवते, याला एक कारण आहे. तेराव्या वर्षी मला पहिल्यांदा पाळी आली. चार दिवस मागच्या पडवीत वेगळे बसवले, पाचव्या दिवशी न्हाऊ घालून ओटी भरली, शेजारणी येऊन हसून गेल्या. या प्रकाराविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे, त्यामुळे मी तिथे रेंगाळत नाही. त्याच आठवड्यात आईने मला पोस्टात नेऊन माझ्या नावाने बचत खाते उघडले. दहा वर्षांवरील मुलीला पोस्टात स्वतःच्या सहीने खाते चालवता येते, हे तिला कोणी सांगितले होते देव जाणे. घरच्यांनी मला मोठी झालेली ठरवले आणि आईने, जमेल त्या मार्गाने, त्यावर पंचवीस रुपयांची पावती करून घेतली, असे आज वाटते. त्या पासबुकावरचे नाव पुढे दहा वर्षांनी बदलले.

लग्नात नवरीचे आडनावच काय, पाळण्यातले नावही बदलण्याची रीत आमच्याकडे होती आणि अजून पुष्कळ घरांत आहे. ताटातल्या तांदळांत सोन्याच्या अंगठीने नवे नाव लिहिले जाते, सगळे टाळ्या वाजवतात आणि तुम्ही त्या क्षणी दुसऱ्याच कोणीतरी होता. १९९६ साली, लग्नाच्या आदल्या रात्री, उरलेल्या निमंत्रणपत्रिकांच्या पाठीवर मी नव्या नावाची सही पंचवीसतीस वेळा गिरवली होती. त्यातली एक पत्रिका पेटीत सापडली. त्या हौसेची किंमत पुढे प्रतिज्ञापत्रांत मोजली. जन्माच्या नोंदीतली मी, पदवीच्या प्रमाणपत्रावरची मी आणि शिधापत्रिकेवरची मी ही एकच व्यक्ती आहे, असे शपथेवर लिहून देण्याचा प्रसंग माझ्यावर पाच वेळा आला. आईचा घोळ तर आणखी एका पायरीने वरचा आहे, कारण तिची जन्मनोंद पोर्तुगीज अमदानीतली. तिथे ‘श’साठी एक्स हे अक्षर येते आणि बँकेतला नवा मुलगा ते नाव भलतेच वाचतो.

गोव्यात लग्नाच्या सह्या दोन असतात, हे बाहेरच्या वाचकांसाठी सांगायला हवे. सिव्हिल रजिस्ट्रारच्या कार्यालयात जाऊन वधूवरांनी आधी लग्नाचा इरादा जाहीर करायचा, ती पहिली सही. मग कार्यालयाच्या फलकावर नोटीस लागते, कोणाची हरकत असेल तर ती घ्यायला मुदत मिळते, आणि ती उलटली की साक्षीदारांसह पुन्हा जाऊन दुसरी सही करायची. दुसरी सही होत नाही तोवर मंडपात कितीही अक्षता पडल्या तरी कायद्याच्या वहीत लग्न लागलेले नसते. पहिली सही झाली म्हणजे सगळे झाले, अशा समजुतीत राहिलेल्या आणि पुढे त्यापायी पस्तावलेल्या दोन बायका माझ्याच ओळखीत आहेत.

या सहीने काय होते, ते मला सही करताना ठाऊक नव्हते. पोर्तुगालचा १८६७ चा नागरी कायदा १८७० पासून गोव्यात लागू झाला आणि मुक्तीनंतरही तो ठेवण्यात आला. त्यानुसार, लग्नाआधी वेगळा करार केलेला नसेल, तर नवराबायकोची मालमत्ता समाईक होते. लग्नापूर्वीची, नंतरची, कमावलेली, वारशाने आलेली, सगळी. त्यात दोघांचा निम्मा निम्मा वाटा. स्थावर विकायचे तर दोघांची सही लागते. आईवडिलांच्या मालमत्तेपैकी निम्मा भाग मुलांसाठी राखीव असतो आणि त्यात मुलगा व मुलगी असा भेद नाही. देशाच्या इतर भागांत मुलीच्या हक्कासाठी कायदे दुरुस्त होत असताना आमच्या पणजीच्या काळापासून हे इथे छापील होते. २०१९ साली सर्वोच्च न्यायालयाने एका निकालात गोव्याचे उदाहरण देशापुढे झळाळते म्हणून ठेवले, तेव्हा आमच्या शिक्षकांच्या खोलीत पेढे वाटायचे तेवढे बाकी राहिले होते.

कौतुकात मी सामील होते, तरी एक खडा माझ्या दाताखाली नेहमी येतो. हिंदूंच्या रीतिरिवाजांसाठी १८८० साली काढलेल्या हुकुमात असे म्हटले आहे की, बायकोला वयाच्या पंचविसाव्या वर्षापर्यंत मूलच झाले नाही, किंवा तिसाव्या वर्षापर्यंत मुलगा झाला नाही, तर हिंदू पुरुषाला ठरावीक अटींवर दुसरे लग्न करता येईल. हे कलम व्यवहारात मेल्यात जमा आहे, असे वकील सांगतात आणि ते खरेही असेल. पण बाईच्या आयुष्याचे टप्पे कोणत्या आकड्यांनी मोजले जात होते, ते या कलमाइतके स्वच्छ मला दुसरीकडे कुठे वाचायला मिळाले नाही. मला लेक झाली तेव्हा मी पंचवीस वर्षांची होते. सासूबाईंनी आनंदाने साखर वाटली आणि ‘पुढच्या वेळी’ हे दोन शब्द त्याच दमात उच्चारले.

आता पेटीतल्या ज्या कागदामुळे दुपार गेली, त्याविषयी.

वडील २०११ साली गेले. बारावे, तेरावे उरकल्यावर दादाने वकिलाला गाठले, कारण घराच्या शेजारची थोडी जमीन वडिलांनी हयातीत विकत घेतली होती आणि ‘वन फोर्टीन’च्या, म्हणजे जमिनीच्या सरकारी नोंदीच्या, उताऱ्यावर त्यांचेच नाव होते. वकिलांनी आईला समोर बसवून सांगितले की, यातला अर्धा भाग तुमचाच आहे. तो तुम्हाला नवऱ्याकडून मिळत नाही, तो आधीपासून तुमचा होता. मुलांमध्ये वाटायचा तो उरलेला अर्धा. आई काही बोलली नाही. रिक्षात बसल्यावर तिने मला हळूच विचारले, ‘आधीपासून म्हणजे कधीपासून?’ मी म्हटले, दुसरी सही केलीस त्या दिवसापासून. एकोणचाळीस वर्षे ती त्या घरात प्रत्येक गोष्ट विचारून करीत आली होती, अगदी नारळ पाडायचे तेही, आणि ही बातमी तिला विधवा झाल्यावर मिळत होती.

राहिलेल्या अर्ध्यात आम्हा तिघा भावंडांचे सारखे वाटे होते. वर्षभराने दादाचा फोन आला, ‘बाय, शनिवारी नोटारकडे यायचे आहे, भावोजींनाही घेऊन ये.’ जावयाला का, असे मी विचारले. तर मालमत्ता समाईक असल्यामुळे बायको हक्क सोडते तेव्हा नवऱ्याचीही सही लागते, असे कळले. मला त्या दिवसाचे सगळे आठवते. टेबलावर हिरवी काच होती, काचेखाली जुन्या सालाचे कालनिर्णय होते, पंख्याने कागद उडू नयेत म्हणून त्यांवर शिक्क्यांची पेटी ठेवली होती. हक्कसोडपत्राची चार पाने इंग्रजीत होती. कारकुनाने ती रेल्वेच्या घोषणेसारखी वाचली. धाकट्या बहिणीने आणि तिच्या नवऱ्याने सही केली. मग दादाने कागद माझ्याकडे सरकवला, फुलीवर बोट ठेवले आणि म्हणाला, ‘इथे सही कर.’ मी शाळेत मुलांना उतारावाचन शिकवते. प्रश्न सोडवण्यापूर्वी उतारा दोनदा वाचा, असे दर वर्षी सांगते. मी तो कागद एकदाही वाचला नाही.

का वाचला नाही, याचे उत्तर शोधताना मला माझ्या पहिल्या चवथीचे वजे आठवते. लग्नानंतरच्या पहिल्या गणेशचतुर्थीला माहेरून सासरी फळफळावळ आणि गोडधोड पाठवण्याची आमच्याकडे पद्धत आहे. त्याला वजे म्हणतात, आणि नावाप्रमाणे ते ओझेच असते. माझे वजे टेंपोतून आले होते. करंज्या, लाडू, चकल्या, केळ्यांचे घड, नारळ, आणि ते सगळे ओसरीवर मांडून शेजारणींनी मोजलेले. वडिलांनी त्यासाठी सोसायटीतून कर्ज काढले होते, हे मला पुढे कळले. सहीच्या आदल्या आठवड्यात वहिनी सहज बोलल्यासारखे बोलून गेल्या होत्या की, तुमच्या दोघींच्या लग्नांत आणि वज्यांत घराने काही कमी केले नाही. त्या वाक्यात हिशेब होता आणि तो माझ्याकडून आधीच चुकता झालेला धरला होता. शिवाय माहेर हवे होते. चवथीला माटोळीखाली, गणपतीवर टांगलेल्या फळाफुलांच्या आराशीखाली, बसून आईच्या हातचे खतखते, म्हणजे मिसळीची भाजी, जेवायचे होते. वाटा मागितला तर ते ताट कसे वाढले जाईल, याचा अंदाज प्रत्येक मुलीला असतो. दादा वाईट नाही; आईचे औषधपाणी तोच बघतो, आणि विचारले असते तर कदाचित मी आनंदाने सोडलेही असते. त्याने विचारले मात्र नाही, आणि मी वाचले नाही. सही झाल्यावर वहिनींनी आम्हा दोघी बहिणींना साड्या दिल्या. माझी साडी मोरपिशी आहे. ती मी अजून नेसलेली नाही.

त्याच वर्षात आईची सही सगळीकडे लागत होती. नोटारकडे, बँकेत, पंचायतीत. अर्ध्या घराची ती मालकीण होती. आणि त्याच वर्षी वाड्यावरच्या हळदीकुंकवाला ती गेली नाही, कारण बोलावणे आले नाही. देवळात महिलांच्या भजनाला ती पूर्वीसारखीच झांज घेऊन बसे, पण समई पेटवायची वेळ आली की आपणच दोन पावले मागे सरकायची. कोणी सांगावे लागत नसे. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड गावाने २०२२ साली विधवाप्रथा बंद करण्याचा ठराव केला, ती बातमी मी तिला वाचून दाखवली. तिने चष्मा काढला आणि विचारले, ‘ठरावावर सह्या बायकांच्या आहेत का?’

माझ्या बाबतीत एकदा उलटे घडले, तेही सांगते. २०१९ साली गर्भाशयातल्या गाठींमुळे रक्तस्राव थांबेना, आणि गर्भाशय काढण्याचा निर्णय झाला. निर्णय माझा होता; तीन महिने वाचून, दोन डॉक्टरांना विचारून घेतलेला. रुग्णालयात संमतीपत्र घेऊन आलेली व्यक्ती माझ्या खाटेला वळसा घालून नवऱ्याकडे गेली. ‘मिस्टरांची सही लागेल.’ सज्ञान आणि शुद्धीवर असलेल्या रुग्णाची संमती दुसऱ्याने देऊन चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली सांगितले आहे. त्या प्रकरणात तपासणीसाठी भूल दिलेल्या ४४ वर्षांच्या बाईचे गर्भाशय आणि अंडाशय तिच्या आईची संमती घेऊन काढले होते, आणि न्यायालयाने ती संमती ग्राह्य धरली नाही. मला हे ठाऊक होते. पण हाताला सलाईन असताना माणूस निवाडे सांगत नाही. मी एवढेच म्हटले की, कागद इकडे द्या. आमचे हे तोवर खिशातला चष्मा चाचपत होते. त्यांनी सुटल्यासारखा तो कागद माझ्याकडे दिला. मी दोन्ही पाने वाचली, त्यात डाव्या बाजूच्या अंडाशयाविषयी डॉक्टरांशी ठरल्यापेक्षा वेगळे छापले होते ते दुरुस्त करून घेतले आणि मग सही केली. शिपाई बाहेर ट्रॉली घेऊन ताटकळला. आयुष्यात पहिल्यांदा मी सहीसाठी कोणाला ताटकळत ठेवले, त्याचा आनंद मला भूल चढेपर्यंत पुरला.

लेक आता सत्तावीस वर्षांची आहे. वेर्ण्याच्या औद्योगिक वसाहतीतल्या औषध कंपनीत ती गुणवत्ता विभागात काम करते, आणि दोन वर्षांपूर्वी तिने कर्ज काढून पर्वरीला छोटा फ्लॅट घेतला. लग्न तिचे तिने ठरवले आहे. मुलगा चांगला आहे. महिन्यापूर्वी जेवताना तिने विचारले, ‘आई, करार केला नाही तर माझा फ्लॅट अर्धा त्याचा होईल ना?’ होईल, असे मी म्हटले, आणि म्हणता म्हणता अडखळले. ज्या कायद्याने माझ्या आईला अर्धे घर दिले, तोच माझ्या लेकीच्या फ्लॅटचा अर्धा भाग तिच्याकडून काढून घेणार होता. आईच्या हातात स्वतःचे काहीच नव्हते, म्हणून समाईकी तिला वरदान वाटली. लेकीच्या हातात आधीच काही आहे. तिला लग्नापूर्वीची मालमत्ता ज्याची त्याची आणि लग्नानंतरची दोघांची, अशी पद्धत हवी आहे. आमच्या कायद्यात त्याची सोय आहे, फक्त करार लग्नाआधी करावा लागतो.

यावर नातेवाइकांत जे व्हायचे ते झाले. पहिल्या सहीच्या आधीच मोडण्याची भाषा कशाला, असे मावशी म्हणाली. मुलाकडच्यांना काय वाटेल, याची काळजी आमच्या ह्यांना लागली. मुलाला, आश्चर्य म्हणजे, काहीच वाटले नाही. त्याच्या नावावर दुचाकी आणि शैक्षणिक कर्ज आहे. खरे सांगायचे तर सगळ्यांत जास्त बिचकले ते मी. निम्मा वाटा हे गोव्याच्या बाईचे भाग्य, असे मी वीस वर्षे वर्गात आणि घरात सांगत आले. आता माझीच लेक ते भाग्य नको म्हणते आहे आणि तिचे म्हणणे मला खोडून काढता येत नाही. उद्या मूल झाले, नोकरी सोडावी लागली, तर हाच करार तिच्यावर उलटेल का, हा प्रश्न मी तिला विचारला. तिने तो वकिलांना विचारला. मसुद्यात दोन कलमे वाढली.

काल संध्याकाळी तो मसुदा जेवणाच्या टेबलावर होता. आई सध्या आमच्याकडे आहे, तिला कानाने थोडे कमी येते. काय वाचता, म्हणाली. म्हणून लेकीने एकेक कलम मराठीत सांगत तिला सगळा करार वाचून दाखवला. आईने हात गुडघ्यांवर ठेवून शेवटपर्यंत ऐकले, मध्ये दोनदा ‘पुन्हा वाच’ म्हणाली. वाचून झाल्यावर थोडा वेळ गेला.

‘आणि दागिन्यांचे?’ तिने विचारले.

आम्ही दोघींनी कागद पुन्हा चाळला. फ्लॅट होता, बँकेतल्या ठेवी होत्या, गाडी होती, पुढे घ्यायच्या जमिनीचाही उल्लेख होता. आजीच्या पाटल्या, ज्या आईकडून माझ्याकडे आणि आता लेकीकडे जायच्या आहेत, त्यांचा कुठेच नव्हता. लेकीने पेन्सिल घेतली आणि समासात लिहू लागली. आई तिच्या खांद्यावरून वाकून बघत होती आणि पाटल्यांचे वजन सांगत होती.